थोरला सोडून कोणीही

लुआबाईंची अट एकच होती. जावई काळा असो, बुटका असो, झोपेत घोरणारा असो, अगदी दक्षिणेतला असला तरी त्या मनाला मुरड घालायला तयार होत्या. फक्त थोरला नको.

ही अट काही पुस्तकात वाचून आलेली नव्हती. उत्तरेतल्या नाम दिन्हच्या एका जुन्या घराण्यात त्या थोरल्या मुलाची बायको म्हणून आल्या, आणि आल्या दिवसापासून त्या घराण्याचे होते नव्हते तेवढे पितर त्यांच्या चुलीभोवती येऊन बसले. आजेसासऱ्यांची तिथी, पणजोबांची तिथी, लहानपणीच गेलेल्या एका चुलत्याची तिथी. त्या चुलत्याचं नाव कोणाला धड आठवत नव्हतं, पण त्याला बदक आवडायचं हे मात्र सगळ्यांना तोंडपाठ होतं. प्रत्येक तिथीला पंगत, आणि प्रत्येक पंगतीला सुक्या बांबूच्या कोंबांची आमटी, जे कोंब रात्रभर भिजवा, उकळा, पाणी टाका, पुन्हा उकळा. पितरांपुढे उदबत्ती लावायची आणि पाहुण्यांच्या पेल्यात तांदळाची दारू ओतायची, एवढं थोरल्याचं काम. बाकीचं थोरलीचं.

धाकटी जाऊ न्यान. त्यांच्या भाषेत न्यान म्हणजे निवांत, आणि बाईनं नावाला कधी बट्टा लागू दिला नाही. पंगत मांडून झाली की ती ओठ रंगवून यायची, "अगबाई, सगळं झालंसुद्धा, मला हाक तरी मारायचीत" अशी हळहळायची, आणि बसायची ती थेट बदकाच्या ताटासमोर. लुआबाईंनी तिला मनातल्या मनात अनेकदा बुडवून मारली होती. पण मुलगी झाली तेव्हा त्यांनी देवाकडे मागितलं ते हेच, की माझ्या क्वेनला माझं नशीब देऊ नको, न्यानचं दे.

क्वेन मोठी झाली, दक्षिणेत समुद्रकाठच्या वुंग ताऊला एका जहाज कंपनीच्या कचेरीत लागली, आणि एक दिवस तिनं फोनवर सांगितलं, "आई, एक मुलगा आहे. गावदर्शनाच्या बसवर वाटाड्या आहे. नाव त्वान, पण घरीदारी सगळे त्याला हाई म्हणतात."

हाई म्हणजे दोन.

"दोन?" लुआबाईंनी खात्री करून घेतली.

"हो, हाई," क्वेन म्हणाली आणि लगेच हवापाण्याकडे वळली.

दोन नंबर. म्हणजे वर एक थोरला आहे, त्याची बायको आहे, आणि तिच्या चुलीपाशी पितरांची रांग आहे. लुआबाईंना इतकं हलकं वाटलं की त्या दिवशी बाजारात त्यांनी एका गिऱ्हाइकाला न मागता मूठभर कोंब जास्त घातले.

पण आयुष्यभर सुके कोंब विकलेली बाई नुसत्या सांगण्यावर माल घेत नाही. कोंब हातात घ्यावा, चिमटून बघावा, की वजन वाढावं म्हणून ओला तर ठेवला नाही. मग हुंगावा, की गंधकाची धुरी देऊन पिवळा तर केला नाही. माणसाचंही तेच. क्वेनला त्यांनी सांगितलं, आम्ही गुरुवारी संध्याकाळी पोचतो, त्याला घेऊन आमच्या उतरायच्या खोलीवर ये, हो की नाही तिथंच सांगीन. आणि न्यानला घेऊन आल्या बुधवारी. गुरुवारी सकाळच्या, त्वानच्या बसच्या अर्ध्या दिवसाच्या सहलीत न्यानच्या नावावर दोन जागा घेतल्या.

"चोरून बघायचं म्हणजे जरा वेषांतर हवं, जाऊबाई," न्यान म्हणाली.

वेषांतराची अडचण नव्हती. रुंद टोपी, नाकावर फडकं, काळा चष्मा. ऊन लागू नये म्हणून अर्ध्या देशातल्या बायका अशाच फिरतात. पोटच्या पोरीनंही ओळखलं नसतं.

बसच्या दारात तो उभा होता. क्वेननं पाठवलेल्या फोटोतल्यापेक्षा सावळा, दात फोटोतल्याइतकेच बरे. चढणाऱ्या प्रत्येकाच्या हातात तो एकेक गार ओला रुमाल ठेवत होता. लुआबाईंनी रुमाल घेतला, दोन बोटांत चिमटला, नाकावरचं फडकं खाली ओढून हुंगला, आणि मग मान पुसली. तो क्षणभर त्यांच्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, "बसा मावशी. या पोराला काही हवं तर सांगा."

लुआबाई खिडकीशी बसल्या आणि न्यानच्या कानाशी लागल्या. "ऐकलंस? स्वतःला पोर म्हणतो. माझं पोर. याला कळलं की काय?"

"तो पुढच्या सीटवरच्या त्या म्हाताऱ्या मास्तरांनाही तेच म्हणाला. इकडे सगळेच म्हणतात. आपल्याकडे पोर म्हणवून घ्यायला आधी कोणाच्या पोटी यावं लागतं, इकडे नुसतं बसमध्ये चढलं की झालं."

"फार गोड बोलतात हे लोक."

"आमटीतही साखर घालतात," न्यान म्हणाली. "तोंडात कशी येणार नाही?"

ड्रायव्हर जाड मानेचा, मुका वाटावा इतका गप्प होता. त्यानं फक्त एकदा विचारलं, "निघू का, हाईदादा?" लुआबाईंनी न्यानला कोपर मारलं. हाई. ऐकलंस ना, दोन.

बस समुद्राच्या काठाकाठानं निघाली. त्वान बोलत होता, लोक हसत होते, आणि लुआबाई समुद्राकडे पाठ करून त्याच्याकडे बघत होत्या. न्याननं टोचलं, "जाऊबाई, डावीकडे समुद्र आहे. एवढ्या लांबून आलो."

"समुद्र काही पळून जात नाही."

छोट्या डोंगरावर हात पसरून उभा असलेला पांढरा येशू बघायला पायऱ्या चढायच्या होत्या. न्यान पहिल्याच वळणावर दगडावर बसली आणि म्हणाली, देव एवढा हात पसरून उभा आहे तर दोन पायऱ्या खाली यायला काय झालं. त्वाननं तिला चढायचा आग्रह केला नाही. शेजारच्या नारळवालीला सांगून तिला सावलीत बसवलं, आणि लुआबाईंबरोबर त्यांच्या चालीनं चढू लागला. लुआबाईंच्या मनातल्या वहीत गुण जमेला लागला. वर पोचल्यावर मास्तर तारखा सांगायला लागले, आणि चूक सांगायला लागले. त्वाननं नुसती मान हलवली आणि खाली उतरताना बाकीच्यांना बरोबर तारीख हळूच सांगितली. हाही गुण जमेला. पायात मोजे दोन वेगळ्या रंगांचे होते. ते लुआबाईंनी खर्चाला लावलं, पण रक्कम किरकोळ होती. धाकटे असेच असतात. त्यांच्या मोज्यांकडे कोण बघतं?

खाली उतरेपर्यंत मनात जवळजवळ हो ठरलं होतं.

नंतरचा मुक्काम देवमाशाच्या देवळात. कोळ्यांची वस्ती जवळच, दारात मासळीच्या मुरवणाचा वास. आत काचेच्या मोठ्या कपाटात हाडं रचून ठेवलेली, आणि समोर उदबत्त्यांचा धूर.

"अगबाई, केवढा हा मासा," लुआबाई म्हणाल्या.

"आजोबा, मावशी," त्वान हळूच म्हणाला. "इथं मासा म्हणायचं नाही. वादळात कोळ्यांच्या होड्या पाठीवर घेऊन किनाऱ्याला लावतात, त्यांना मासा कसं म्हणायचं? आजोबा म्हणायचं."

"बरं, आजोबा," लुआबाई म्हणाल्या, आणि न्यानच्या कानात, "मासा तो मासाच."

त्वान सगळ्यांना सांगत होता, "आजोबा मरून किनाऱ्याला लागले, की ज्याला पहिल्यांदा दिसतात तो त्यांचा थोरला मुलगा. तो कोण, कुठला, किती वयाचा, हे बघायचं नाही. त्यानं पांढरी पट्टी डोक्याला बांधायची, बापाचं करतात तसं सगळं करायचं, सुतक पाळायचं. सुतक फिटलं की हाडं धुऊन इथं आणायची. आणि मग दरवर्षी त्या तिथीला पंगत."

"अरे देवा," लुआबाईंच्या तोंडून निघालं. "सकाळी फिरायला जायची सोय नाही."

सगळे हसले. त्वानही हसला. मग त्यानं कोपऱ्यातल्या एका छोट्या लाल पेटीकडे बोट केलं. "ते माझे. गावामागच्या किनाऱ्यावर मिळाले. शाळा बुडवून खेकडे धरायला गेलो होतो. आजोबा कसले, बाळच होतं. पण मीच पहिल्यांदा बघितलं."

लुआबाईंनी पेटीकडे बघितलं, मग त्याच्याकडे. थोरला हा शब्द त्यांच्या कानाला माशीसारखा चिकटला होता, पण त्यांनी तो झटकला. माशाचा थोरला म्हणजे काही खरा थोरला नव्हे. तरी बाजारातली सवय. माल उलटून बघितल्याशिवाय चैन पडेना.

"मग घरी काय म्हणाले?" त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं. "घरचा थोरला असताना धाकट्यानं पांढरी पट्टी बांधायची म्हणजे..."

"घरचा थोरला मीच, मावशी."

"तुला तर हाई म्हणतात."

"म्हणून तर हाई. आमच्याकडे एक नसतोच. मोजणी दोनापासून. पहिला तो हाई, मग बा म्हणजे तीन, मग चार, पाच. शेवटचा तो उत, शेंडेफळ."

"एक कुठं गेला?"

"कोणी म्हणतं गावच्या पाटलाचा मान म्हणून सोडला, कोणी म्हणतं पहिल्यावर भुताची नजर पडू नये म्हणून. खरं कोणालाच माहीत नाही. पण माझ्या आधी कोणी नाही, एवढं माझी आई छातीठोक सांगते."

लुआबाईंनी खांबाला हात लावला. न्याननं फडक्यात तोंड लपवलं, पण तिचे खांदे हलत होते.

"हसू नको," लुआबाई म्हणाल्या.

"नाही हसत. जाऊबाई, तुम्ही थोरला नको म्हणालात, आणि देवानं दोनदा थोरला शोधून दिला. एकदा माणसांचा, एकदा माशांचा. पितरांत मासाच तेवढा राहिला होता आपल्या घराण्याला."

बसमध्ये परत बसल्यावर लुआबाईंना लेकीचा फोन शब्दाशब्दानं आठवला. हाई म्हणतात, एवढंच ती म्हणाली होती. खोटं एक अक्षर बोलली नव्हती, आणि खरंही पदरात पडू दिलं नव्हतं. आणि लगेच हवापाण्यावर गेली होती. आईच्या बाजारातल्या गादीशेजारी बसून वाढलेली पोर. ओल्या कोंबाचा सुका भाव कसा घ्यावा हे तिला कोणी वेगळं शिकवायला नको होतं. लुआबाईंना राग आला, आणि त्या रागात थोडा अभिमान मिसळला होता, त्याचा त्यांना आणखी राग आला.

आता संध्याकाळी नाही म्हणायचं, हे पक्कं झालं. क्वेन रडेल. रडू दे. चुलीच्या धुरानं रडण्यापेक्षा हे बरं.

सहलीचं जेवण म्हणजे बान खोत. आपल्या आप्प्यांसारखे, तांदळाच्या पिठाचे, तळहातावर मावतील एवढे, प्रत्येकात एक कोळंबी. हिरव्या पानात गुंडाळायचे, आंबटगोड रसात बुडवायचे. न्यान मुकाट्यानं ताट रिकामं करत होती. लुआबाईंनी एक उचलला, हुंगला आणि खाली ठेवला.

त्वान पानांची परडी घेऊन आला. "मावशी, आवडलं नाही? गोड वाटतं ना जरा?"

"भूक नाही." मग त्यांना राहवेना. नाही म्हणायचं असलं तरी भाव विचारून घ्यायला काय जातं. "वर्षाला तिथ्या किती रे तुमच्याकडे?"

"बऱ्याच आहेत. आजी, आजोबा, काका... आमचे बरेच लोक समुद्रात गेले."

"आणि सगळं थोरल्याकडे."

"छे. थोरल्याकडे कशाला? आमच्याकडे थोरले आधी बाहेर पडतात, आपापलं घर करतात. आईबाप, घर आणि घरातले पितर शेंडेफळाकडे. घबाड निघालं तरी त्याचं, कर्ज निघालं तरी त्याचं."

लुआबाईंनी चष्मा काढला. "म्हणजे थोरल्याची बायको?"

"पंगतीला जाते. ओठबीठ रंगवून."

न्यानचा घास अडकला. ती खोकली, तिनं पाणी प्यायलं, आणि जावेकडे बघायचं टाळलं.

लुआबाईंनी समोरचा आप्पा पुन्हा उचलला आणि खाल्ला. बरा होता. दुसरा घेतला. मग थांबल्या. "आणि तो मासा? तो तर तुझ्या एकट्याचा. तो तुझ्या शेंडेफळाकडे नाही जाणार."

"आजोबा," तो म्हणाला. "नाही, ते माझेच."

"मग त्यांच्या पंगतीचं कोण रांधतं? तुझी आई?"

"आईनं पहिल्याच वर्षी हात वर केले. म्हणाली, हा बाप तू शोधून आणलास, तूच जेवायला घाल. शाळेतला पोरगा होतो, भातसुद्धा करपवला. सगळी वस्ती जेवायला बसली होती, काय हसले असतील. तेव्हापासून मीच रांधतो. आता बरं जमतं. फक्त सुक्या कोंबांची आमटी नाही जमत. कडू लागते."

"पाणी किती वेळा टाकतोस?"

"एकदा."

"एकदा!" लुआबाईंच्या आवाजानं पलीकडचे मास्तर दचकले. "एकदा पाणी टाकून कोंब? अरे, तीन वेळा तरी टाकायला हवं. आणि कोंब घेतोस कुठून? पिवळेधमक असतात ना? गंधक आहे ते, गंधक."

"आणून देणारं माणूस चांगलं मिळायला हवं," तो नम्रपणे म्हणाला.

इतकी वर्षं लुआबाईंच्या नवऱ्यानं त्या घरात एक कांदा सोलला नव्हता. मनातल्या वहीची पानं भराभर उलटत होती, आणि खर्चाच्या बाजूला दोन वेगळ्या मोज्यांशिवाय काही सापडत नव्हतं.

बस त्यांच्या लॉजपाशी थांबली. त्वान आधी उतरला, न्यानला हात दिला, मग लुआबाईंच्या हातात केळीच्या पानाचं एक पुडकं ठेवलं. अजून गरम होतं.

"हे क्वेनला द्या. तिला कडेचे कुरकुरीत आवडतात."

सकाळपासून क्वेनचं नाव कोणी काढलं नव्हतं. लुआबाईंनी पुडकं घेतलं, सवयीनं हुंगलं, आणि मग त्यांना कळलं की आपण क्वेनची आई असल्याचं कबूल करून बसलो.

"तुला कधी कळलं?"

"रुमाल हुंगलात तेव्हा. क्वेनला मी पहिल्यांदा फुलं दिली ना, तिनं आधी पाकळी चिमटून बघितली, मग हुंगली, मग म्हणाली, कालची आहेत."

"होती का कालची?" न्याननं विचारलं.

"होती," तो म्हणाला.

न्यानला मात्र आता जावेची वकिली करायची हुक्की आली. "थांबा, थांबा. म्हणजे तू सकाळपासून ओळखून होतास. मग ते शेंडेफळ, ते बाहेर पडणारे थोरले, ते ओठ रंगवणं, हे सगळं आमच्या जाऊबाईंना ऐकवायला बनवलेलं तर नाही? धाकटा भाऊ खरा आहे की तोही आजच जन्माला आला?"

त्वाननं ड्रायव्हरच्या खिडकीवर टकटक केलं. काच खाली गेली. जाड मानेचा तो माणूस बाहेर डोकावला.

"हा उत," त्वान म्हणाला.

"खरंय, मावशी," ड्रायव्हर म्हणाला. "पितर माझ्याकडे, आजोबा त्याच्याकडे. माझी बायको कधीची म्हणतेय, अदलाबदल करू." आणि काच वर गेली. सकाळचं 'निघू का' सोडलं तर दिवसभरात तो एवढंच बोलला.

संध्याकाळी क्वेन आली ती दारातच थबकली. आई खाटेवर बसलेली, समोर केळीचं पान उलगडलेलं, आणि खुर्चीच्या टोकावर त्वान, अंगात धुतलेला सदरा आणि पायात एकाच रंगाचे मोजे.

"आई, तुम्ही तर आत्ता पोचणार होतात."

"आणि हाई म्हणजे दोन नंबर होता," लुआबाई म्हणाल्या. "बस."

क्वेन बसली. पानातला एक कुरकुरीत तुकडा तिनं उचलला, पण तोंडात घालायचा धीर होईना. न्यान खिडकीत बसून आरशात ओठ रंगवत होती आणि एक शब्द सुटू नये म्हणून आरसा हळूहळू खाली घेत होती.

लुआबाईंनी पान क्वेनकडे सरकवलं. मग त्यांनी त्वानकडे बघितलं. "तुझ्या आजोबांची तिथी कधी असते?"

क्वेननं मान वर केली. तिच्या आईनं कोणत्याही माशाला आजोबा म्हटलेलं तिनं कधी ऐकलं नव्हतं.

"दुसऱ्या महिन्यात, मावशी. पौर्णिमेच्या आसपास."

"मग लग्न त्याच्या आधी उरकायला हवं. नवी सून पहिल्याच तिथीला हजर नसली तर वस्ती काय म्हणेल? कोंब मी नाम दिन्हहून घेऊन येईन, दोन दिवस आधी. भिजवायला मोठं पातेलं आहे ना तुझ्याकडे?"

"जाऊबाई," न्यान आरशातून म्हणाली, "पोरीला तिथ्यांतून सोडवायला आला होतात ना?"

"तिला कोण रांधायला सांगतंय?" लुआबाई म्हणाल्या. "रांधणार तो. मी नुसती पाणी टाकायला उभी राहीन. तुला यायचं तर ये, पंगत मांडली की."